टिपणीस साहेबांचा शेवटचा राजा

आमच्या ऑफिसात नवीन मॅनेजर आला, की टिपणीस साहेब पहिल्याच दिवशी त्याचा शेवट ठरवून टाकत. बाकीचे लोक केबिनमध्ये जाऊन त्याचं अभिनंदन करत, त्याच्या हातात बुके देत, फोटो काढून घेत. टिपणीस साहेब दारातूनच त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळत, परत येऊन आपल्या खुर्चीत बसत आणि चष्म्यावरून माझ्याकडे बघून म्हणत, "कंबुजीय आहे. बाप कर्तबगार असणार. हा वाटेतच संपेल."

कंबुजीय कोण, असं मी पहिल्या वेळी विचारलं, इराणच्या थोर सम्राटाचा मुलगा, मोहिमेवरून परतताना वाटेतच मेला, असं उत्तर मिळालं, आणि मी फसलो. त्यानंतरची दहा-बारा वर्षं मी प्राचीन इराणात काढली. नोकरी दुबईत, देऱ्याला खाडीच्या काठी होती, बिऱ्हाड शारजात होतं, पण रोज सकाळी शारजा-दुबई रस्त्यावर गाडी अडकून पडली, की शेजारच्या सीटवरून साम्राज्यं कोसळायला सुरुवात व्हायची. टिपणीस साहेब शारजातल्या रोल्ला भागात एका फ्लॅटमधल्या एका खोलीत एकटे राहत. मी दोन गल्ल्या पलीकडे, बायको-मुलीसह. त्यामुळे त्यांना कार लिफ्ट देणं ओघानंच आलं. एरवी लिफ्टवाले लोक पेट्रोलमध्ये वाटा देतात. यांनी मला मीडियन, हखामनी, पार्थियन आणि सासानी अशी चार घराणी दिली आणि सिकंदराला शिव्या दिल्या.

ते मूळचे ठाण्याचे. लग्न केलेलं नव्हतं. आमच्या शिपिंग कंपनीत ते डॉक्युमेंटेशनला होते, म्हणजे जहाजावर चढणाऱ्या मालाचे कागद तयार करायचे. त्यांच्या टेबलामागच्या खिडकीतून खाडी दिसे आणि खाडीत पलीकडून आलेली लाकडी गलबतं उभी असत. दुबईत आले त्या वर्षी त्यांनी कोणाला तरी विचारलं, की ही कुठून येतात. त्या माणसानं नुसतं बोट दाखवलं, समोरून, इराणातून. "समोर एवढं मोठं काहीतरी होऊन गेलंय आणि आपण त्याच्याकडे पाठ करून टायपिंग करतोय," असं त्यांच्या मनात आलं म्हणे. तेव्हापासून मिळेल ते पुस्तक ते वाचत सुटले. खुर्ची मात्र फिरवून घेतली नाही. खिडकीकडे तोंड केलं तर काम होणार नाही, हे त्यांना माहीत होतं.

नावांच्या बाबतीत ते फार कडक होते. सायरस म्हटलेलं त्यांना खपत नसे. "ते ग्रीकांनी बिघडवलेलं नाव. कुरुश म्हण." झर्क्सीस म्हटलं तर कपाळाला आठ्या पडत. तो क्षयार्ष. इतिहासात चुकीचं काही सांगणं हे त्यांच्या लेखी पापच होतं. एकदा ऑफिसच्या पार्टीत कोणीतरी सहज बोलून गेला, की सिकंदरानं इराणच्या दारा राजाला युद्धात मारलं. टिपणीस साहेबांनी हातातली प्लेट खाली ठेवली आणि त्याला कोपऱ्यात नेऊन, बिर्याणी संपेपर्यंत, दाराला त्याच्याच सरदारानं कसं भोसकलं ते समजावून सांगितलं. तो बिचारा उपाशीच घरी गेला.

त्यांचा एक ठेवणीतला शब्दप्रयोग होता. "अस्त लागला याला." ग्रहण लागलं म्हणावं, तसं ते हे म्हणत. अस्ताची लक्षणं त्यांनी ठरवून ठेवलेली होती. मॅनेजरनं केबिनचा सोफा बदलला, की पहिलं लक्षण. राजे लढाया सोडून महाल बांधायला लागले की संपत आलेले असतात, हा त्यामागचा सिद्धांत. एक मॅनेजर असा होता, की वादळी वाऱ्यानं जहाज बंदराबाहेर खोळंबलं तेव्हा तो कॅप्टनला फोनवर ओरडला, एजंटला ओरडला आणि ओरडायला कोणी उरलं नाही तेव्हा खिडकी उघडून खाडीकडे बघून ओरडला. टिपणीस साहेबांनी टाइप करता करता मान वर केली. "क्षयार्षनं समुद्राला फटके मारले होते. पूल वाहून गेला म्हणून." मग पुन्हा मान खाली घालून म्हणाले, "अस्त लागला."

आणि तो मॅनेजर खरंच गेला. मग दुसरा आला, तोही गेला. मध्ये एकदा असा काळ आला, की केबिनच्या दारावरची पाटी लावायला येणारा माणूस ऑफिसात सगळ्यांना नावानं ओळखायला लागला. "सासानींचा शेवट असाच झाला," टिपणीस साहेब म्हणाले. "चार वर्षांत दहाएक जण गादीवर बसले. दोन तर राण्या होत्या." आमच्याकडे राणी आली नाही, एवढंच.

या सगळ्यात एक गोष्ट मला खटकायची. मॅनेजरला काढलं, की त्याच्या शेवटच्या दिवशी ऑफिसात त्याच्या वाऱ्याला कोणी उभं राहत नाही. कालपर्यंत त्याच्या मागेपुढे करणारी माणसं फाइलीत तोंड खुपसून बसतात. नेमके त्याच दिवशी टिपणीस साहेब उठत, पँट्रीतून गार पाण्याची बाटली घेत, केबिनमध्ये जाऊन त्याच्या टेबलावर ठेवत आणि समोरच्या खुर्चीत बसून आपला डबा उघडत. जेवण होईपर्यंत तिथेच. हा माणूस आपलं भाकीत खरं झालेलं जवळून बघायला जातो, असं सगळे म्हणत. मलाही तसंच वाटायचं. बाहेर आल्यावर ते थेट नळाकडे जात. डबा धुऊन पुन्हा टायपिंगला बसत.

ज्या इराणवर एवढा जीव, तिथे ते कधी गेले नव्हते. आधी तिकडे युद्ध होतं. ते संपलं तेव्हा पुढच्या वर्षी जाऊ, असं ठरलं. दर वर्षीची सुट्टी मात्र ठाण्याला जायची, भावाच्या मुलांच्या मुंजी-लग्नांत. मग पुन्हा पुढचं वर्ष. रोल्लात एका इराणी बेकरीवाल्याकडून ते रोज नान घेत आणि पुस्तकातून शिकलेली फारसी त्याच्यावर चालवून बघत. एकदा त्यांनी धीर करून त्याला विचारलं, की तख्त-ए-जमशीद पाहिलंय का. दाराची राजधानी, सिकंदरानं जाळली ती. बेकरीवाला भट्टीतून नान काढत हिंदीत म्हणाला, "स्कूलवाला लेके गया था. बहुत गर्मी था." टिपणीस साहेबांनी पुढचे काही आठवडे पाव खाल्ला.

शुक्रवारी ते आमच्याकडे जेवायला असत. वर्तमानपत्रात गुंडाळलेले गरम नान घेऊन यायचे आणि माझ्या बायकोनं, स्मितानं केलेल्या सोड्यांच्या कालवणाबरोबर ते खायचे. जेवण झालं, की मुक्ता त्यांच्याशेजारी सोफ्यावर चढून बसे. मुक्ता माझी मुलगी, तेव्हा तिसरी-चौथीत. आम्ही मराठीत बोलायचं आणि तिनं इंग्रजीत उत्तर द्यायचं, हा आमच्याकडचा रिवाज. टिपणीस साहेब तिला एकेक राजा सांगत. राजा मेला, की ती विचारी, "देन हू केम, काका?" आणि काका पुढचा राजा काढत. ऑफिसात राजे मारायची घाई असलेला हा माणूस तिच्यासमोर एकेका राजाला तीन-तीन शुक्रवार जगवायचा. तिचा आवडता कुरुश होता, कारण तो लहानपणी धनगराच्या घरी वाढला. दोन हजार साल उलटलं तेव्हा ते शेवटच्या सासानी राजापाशी, यज्दगर्दपाशी पोचले होते. आणि तिथे ते थांबले. यज्दगर्द पळतोय, या गावातून त्या गावात जातोय, याच्यापुढे कथा सरकेना. मुक्तानं विचारलं, की म्हणत, "अजून पळतोय. पुढच्या शुक्रवारी बघू."

मग आमच्या मालकानं रिसेप्शनमध्ये संगमरवरी कारंजं बसवलं.

टिपणीस साहेब त्या दिवशी कारंज्यासमोर बराच वेळ उभे राहिले. चष्मा काढून पुसला, परत लावला. मला वाटलं, आता "अस्त लागला" म्हणणार, पण ते वळून आपल्या टेबलाकडे गेले. गाडीत मी छेडलं तेव्हा म्हणाले, "सोफा असता तर मॅनेजर गेला असता. हे कारंजं आहे, अविनाश. आता आपण सगळे." मी विचारलं, एवढं कळतंय तर दुसरीकडे प्रयत्न का करत नाही? साठी जवळ आलेल्या टायपिस्टला कोण घेणार, हे मलाही माहीत होतं. उगाच विचारलं असं वाटलं.

वर्षभरात कंपनी खलास झाली. मला दुसरीकडे नोकरी मिळाली. टिपणीस साहेबांनाही एका लहानशा कार्गोवाल्यानं तोंडी हो म्हटलं. त्या काळी नोकरी बदलताना बऱ्याच जणांना देशाबाहेर पडून नव्या व्हिसावर परत यावं लागे, आणि त्यासाठी लोक कीशला जात. कीश हे इराणचं एक बेट, छोट्या विमानानं तासाच्या आतलं, तिथे उतरायला व्हिसा लागत नसे. तिथल्या लॉजमध्ये पडून राहायचं, कंपनीनं व्हिसाचा फॅक्स पाठवला की परत यायचं. स्मिता दुबईत ऊद मेथातल्या एका शाळेत शिकवत असल्यामुळे तिचा आणि मुक्ताचा व्हिसा सुरक्षित होता. तेव्हा आम्ही दोघेच निघालो.

विमानात बसलेल्या सगळ्यांच्या चेहऱ्यावर व्हिसाची काळजी होती. टिपणीस साहेब कोट घालून आले होते. नोकरी जाते की राहते अशा वेळी कोट घालून इराणला निघालेला हा एकच माणूस असावा. विमानातून उतरल्यावर त्यांनी खाली वाकून जमिनीला हात लावला आणि तो हात कपाळाला लावला. मागून येणाऱ्या एका बाईला वाटलं यांना चक्कर आली. तिनं त्यांना धरून उभं केलं.

लॉजवर गेल्या गेल्या त्यांनी काउंटरवरच्या माणसाला फारसीत विचारलं, शिराझला कसं जायचं. तो इंग्रजीत म्हणाला, बेटाबाहेर जायचं तर इराणचा व्हिसा लागेल. तो तुमच्याकडे नाही. टिपणीस साहेबांनी मान डोलावली आणि किल्ली घेतली. एका खोलीत आम्ही सहा जण होतो, खाली वर पलंग. बेटावर कोणीतरी तख्त-ए-जमशीदच्या नमुन्यावर एक आलिशान हॉटेल बांधलं होतं. ते कळल्यावर दुसऱ्या दिवशी आम्ही चालत गेलो. उंच खांब, खांबांवर बैलांची तोंडं. टिपणीस साहेब रस्त्यावरूनच बघत राहिले. फोटो काढू का, म्हणून मी विचारलं. "नको," ते म्हणाले. "सिमेंट आहे."

संध्याकाळी आम्ही किनाऱ्यावर बसायचो. हवा स्वच्छ असली, की पाण्यापलीकडे डोंगरांची फिकट रेघ दिसे. "ते इराण," ते म्हणायचे. मी म्हणायचो, आपण बसलोय तेही इराणच आहे. "हे नाही रे. ते."

दिवस जात होते. काउंटरवरचा माणूस सकाळ-संध्याकाळ फॅक्स आलेल्यांची नावं वाचायचा. ज्याचं नाव येई तो नाचतच पिशवी भरायला पळे, आणि बाकीचे त्याच्याकडे बघत नसत. टिपणीस साहेब कार्गोवाल्याला फोन करायचे. तो म्हणायचा, इन्शाल्ला, उद्या. मग एक दिवस तो फोनवर स्पष्टच बोलला. वयामुळे अर्ज परत आलाय. सॉरी.

त्या संध्याकाळी डोंगर दिसत नव्हते. मी जवळच्या टपरीवरून गार पाण्याची बाटली आणली आणि त्यांच्या हातात दिली. त्यांनी बाटलीकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि हसले.

"अस्त लागला म्हणायचा," ते म्हणाले.

आपण त्यांचंच केलं, हे माझ्या तेव्हा ध्यानात आलं. मी विचारलं, सगळ्या मॅनेजरांना तुम्ही पाणी का द्यायचात? त्यांनी दोन घोट घेतले आणि सांगितलं. दाराला भोसकून त्याचे सरदार पळाले, तेव्हा तो एका गाडीत पडून होता. एवढं साम्राज्य, पण जवळ कोणी नाही. शत्रूच्या फौजेतला एक साधा शिपाई झऱ्यावर आला होता, त्यानं त्याला पाणी पाजलं. "बाकी सगळं सोड. मला त्या शिपायाचं फार वाटतं. तेवढं तरी कोणी करावं ना रे."

इतकी वर्षं रोज शेजारी बसून मी या माणसाला ओळखलंच नव्हतं.

थोड्या वेळानं मी विचारलं, यज्दगर्दचं पुढे काय झालं. ते समुद्राकडे बघत सांगू लागले. तो वर्षानुवर्षं पळत राहिला. प्रत्येक गावचा सुभेदार त्याला ठेवून घेई आणि मग नको म्हणे. शेवटी मर्वजवळ तो एकटाच एका गिरणीत शिरला आणि रात्रीपुरती जागा मागितली. गिरणीवाल्यानं त्याच्या अंगावरचे दागिने बघितले आणि झोपेत त्याला मारून टाकलं. बारा-तेराशे वर्षांची गोष्ट एका गिरणीत संपली.

"मुक्ताला हे सांगितलं नाहीत," मी म्हटलं.

"लहान आहे ती." मग बाटलीचं झाकण फिरवत म्हणाले, "शिवाय शेवट सांगून टाकला, की ती पुढे काय विचारणार? आमच्याकडे ठाण्याला सगळे माझं नीट करतील. भावानं खोली दिली आहे. पण तिथे 'मग कोण आलं' असं कोणी विचारत नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी काउंटरवर माझं नाव वाचलं गेलं. मला आनंद व्हायला हवा होता. त्यांनीच माझी पिशवी भरली, खाली रस्त्यापर्यंत आले आणि म्हणाले, रोल्लातल्या खोलीतली पुस्तकं मुक्ताला दे, तिला समजायला लागली की वाचेल. मी गाडीत बसलो. मागे वळून बघवलं नाही.

टिपणीस साहेब ठाण्याला निघाले, पण कीशहून मुंबईला सरळ विमान नव्हतं. दुबईच्या विमानतळावर उतरायचं, बाहेर न पडता आतच थांबायचं आणि पुढचं विमान पकडायचं. ज्या शहरात अर्धं आयुष्य घालवलं, त्याच्या दाराशी येऊन त्यांना परत फिरायचं होतं. तो नेमका शुक्रवार होता. दुपारी फोन वाजला आणि मुक्तानं उचलला.

"काका! यू आर इन दुबई? देन कम ना, लंच इज रेडी."

मी तिच्याजवळ जाऊन उभा राहिलो. पलीकडचं ऐकू येत नव्हतं. ती थोडा वेळ ऐकत राहिली, ओके म्हणाली, मग सोफ्यावर पाय वर घेऊन नीट बसली. यज्दगर्द सुरू झालेला मी तिच्या बसण्यावरून ओळखलं.

"इन अ मिल?" ती म्हणाली. तिच्या हातातून फोन घ्यावा असं मनात आलं.

"ही गेव्ह हिम वॉटर?" मुक्ता विचारत होती. "अँड नान ऑल्सो? ... देन ही स्लेप्ट? ... नोबडी केम?" तिनं समाधानानं मान हलवली. "गुड. ही वॉज सो टायर्ड."

सायरस म्हटलेलं ज्यांना चालत नसे, दारासाठी ज्यांनी एका माणसाला उपाशी ठेवलं, त्या टिपणीस साहेबांनी विमानतळावर उभं राहून इतिहास बदलला होता. मी हात पुढे केला, पण तेवढ्यात फोन कट झाला. बहुधा विमानाची घोषणा झाली असावी.

"बाबा, काकांनी एंड सांगितला," मुक्ता फोन ठेवत म्हणाली. चक्क मराठीत. "मिलर वॉज अ गुड मॅन."

"हो," मी म्हटलं. "चांगला माणूस होता."

स्मितानं जेवायला हाक मारली. मुक्ता उठली, दोन पावलं गेली आणि मागे वळून म्हणाली, "देन हू केम, बाबा?"

ती अजून विचारतेय, एवढं तरी त्यांना त्याच क्षणी कळायला हवं होतं. मी झटकन फोन उचलला, आणि उचलल्यावर लक्षात आलं, की ते विमानतळावरच्या कुठल्यातरी सार्वजनिक फोनवरून बोलत होते. तिथे परत फोन लावता येत नाही.